अन्वरच्या आवाजात

१२ मे १९९९, बुधवार
शेलार गावात हळद. दामूशेठच्या पुतण्याची. ऑर्केस्ट्रा दामूशेठचाच, म्हणजे घरचंच कार्य. 'खरा कोण?' जोरात झाला. मी आणि अन्वर दोघंही पडद्याआड, एक ओळ तो म्हणतो, तीच मी त्याच्या आवाजात म्हणतो, लोकांनी ओळखायचं. दहा वर्षं झाली, अजून फसतात. दामूशेठची म्हातारी ओरडली, "दोघं न्हायतच, येकच हाय तो!" मांडव हसून आडवा.
अन्वरचा घसा बसलाय. दिवसभर कापडाच्या लूमवर उभा राहतो आणि संध्याकाळी गातो, दुसरं काय होणार.
जेवताना एक पांढऱ्या बुशशर्टातले गृहस्थ शेजारी येऊन बसले. वरपक्षाचे वाटले. म्हणाले, "तुमचा गळा फार कामाचा आहे हो." नाव नाही सांगितलं. बरं वाटलं. निवेदक-नकलाकाराला जेवताना कोण विचारतं?
अधिक महिना लागतोय. आता महिनाभर लग्नं नाहीत, कार्यक्रम नाहीत.

२७ मे, गुरुवार
काल आपल्या विमानांनी सीमेवर बॉम्ब टाकले. ट्रान्सपोर्टच्या ऑफिसात कोणी कामच केलं नाही. ट्रकवाले, हमाल, सगळे रेडिओभोवती.
सुनंदाचा धाकटा भाऊ विलास, माझा मेहुणा, फौजेत आहे, वर कुठेतरी. महिन्यावर पत्र नाही. ती शाळेत शिकवून आली की आधी दाराच्या फटीतून आत काय पडलंय ते बघते, मग चप्पल काढते.
दुपारी ते शेलारचे गृहस्थ थेट ऑफिसात. ठाण्याच्या कुठल्या खात्यातले, ते त्यांनी सांगितलं नाही, मी विचारलं नाही. इथे त्यांना मामा म्हणेन. त्यांना माझं सगळं माहीत. विलासचं सुद्धा. म्हणाले, "तुमच्या ऑर्केस्ट्रात सगळ्या मोहल्ल्यांतली पोरं येतात. फक्त ऐकत जा. वर तुमचा माणूस बर्फात उभा आहे, तुम्ही खाली एवढं करा."
हो म्हटलं. विचार करून सांगतो, असंही म्हटलं नाही.

३ जून, गुरुवार
दामूशेठच्या गोडाऊनमध्ये प्रॅक्टिस. ढोलकवाला पाकिस्तानला शिव्या देत होता. बेंजोवाला म्हणाला, "लडाई में धागा महंगा हो जाएगा." अन्वर चहा आणायला गेला.
नंतर मामांना भेटलो. सांगायला काय होतं? काहीच नव्हतं. तरी अर्धा तास सांगितलं. ज्याचं वाक्य त्याच्या आवाजात. मामा डोळ्यांतून पाणी येईतो हसले. "कमाल आहात!"
येताना शेअर रिक्षात एकदम घाण वाटलं. मी तिथे पोरांना नेऊन उभं केलं आणि... असो. देशाचं काम आहे.

११ जून, शुक्रवार
लूम बंद, म्हणून अन्वरकडे. ८४च्या दंगलीनंतर त्या गल्लीत मी पाय ठेवला नव्हता, तो ठेवला अन्वरमुळे. त्याची आई, आम्ही सगळे अम्मीच म्हणतो, पहिलं विचारतात ते विलासचं. "तुम्हारे साले का खत आया बेटा?" नाही म्हटलं. "आएगा. मैं रोज नमाज़ में उसका नाम लेती हूँ." नाव विचारून पाठ केलंय. 'बिलास' म्हणतात.
जेवत होतो आणि आतल्या खोलीतून सलीम बाहेर आला. अन्वरचा थोरला भाऊ. चार वर्षं आखातात होता. दाढी वाढलेली, हडकलेला. कधी आलास विचारलं तर अन्वरकडे बघायला लागला.
जिना उतरताना अन्वर म्हणाला, "शरदभाऊ, भाई आया है, किसी को बोलना मत."
"का रे?"
"कुछ कागज का लफड़ा है. बाद में बताता हूँ."
मी म्हटलं, बरं.

१२ जून, शनिवार
मामांना सांगितलं.
वरती पोरं मरताहेत. एक माणूस परदेशातून गुपचूप येतो, लपून राहतो. न सांगून चाललं असतं का? आणि काही नसेल तर चौकशी करतील, सोडतील. यात वाईट ते काय.
हे मी कोणाला समजावतोय?
सु.ला काही बोललो नाही.

१५ जून, मंगळवार
अन्वरला शिफ्टमधून उचललं. चालू लूमवरून. बेंजोवाला धावत ऑफिसात आला सांगायला, मलाच. "शरदभाऊ, आपकी पहचान है पढ़े-लिखे लोगों में, कुछ करो."
सलीम आदल्या रात्रीच घरातून निघून गेलेला, म्हणून धाकट्याला नेला.
मामांना फोन केला. म्हणाले, काळजी नको, दोन प्रश्न विचारून सोडू. म्हटलं, साहेब, अन्वरचा संबंध नाही, मी त्याला ओळखतो. "ओळखता ना? मग बरंच आहे."

१७ जून, गुरुवार
लिहायचं नव्हतं. लिहितो.
मामांनी ठाण्याला बोलावलं. साधी खोली, टेबल, फोन. अन्वर भाऊ कुठे गेला ते सांगत नाही. आईला माहीत असणार, पण पोलीस दिसला की त्या बाईची वाचा जाते. फोन माझ्याकडे सरकवला. "तिच्या मुलाने विचारलं तर सांगेल."
मला कळायला वेळ लागला. खरं म्हणजे नाही लागला.
म्हटलं, साहेब, ती बाई मला जेवायला वाढते.
ते म्हणाले, "म्हणूनच. तिला कोणी त्रास द्यायला नको असेल तर हाच सभ्य मार्ग." मग विलासचं युनिट कुठे आहे ते त्यांनी मला सांगितलं. म्हणजे युनिटचा नंबर सांगितला, जागा नाही. नंबर बरोबर होता.
अम्मींकडे फोन नाही. खालच्या किराणावाल्याचा पी.पी. नंबर. तो हाक मारतो, त्या जिना उतरून येतात. तेवढा वेळ रिसीव्हर कानाला. त्यांच्या चपलांचा आवाज ऐकू आला.
लूमवाले फोनवर ओरडून बोलतात, खटखटीत कान गेलेले असतात. अन्वर 'अम्मी'चा शेवट लांबवतो, बोलण्याआधी एकदा खाकरतो. खाकरलो.
"अम्मीऽ, मैं."
तिकडे एकदम रडणं. "कहाँ है रे? मारा तो नहीं? खाना खाया?"
"खाया अम्मी. छोड़ रहे हैं मुझे. भाई को खबर देनी है, उधर ना रहे. किधर है वो?"
त्यांनी सांगितलं. वज्रेश्वरीला, गरम पाण्याच्या कुंडाजवळच्या एका हॉटेलात. तिथला भटारी सलीमचा जुना जोडीदार.
मग म्हणाल्या, "तेरा गला बैठा है बेटा, गरम पानी माँग ले."
रिसीव्हर ठेवला. मामांनी पाठ थोपटली. आणि इथे खरं लिहायचं तर, त्या क्षणी मला आनंद झाला. काम चोख झालं याचा. शेलारला टाळ्या पडल्यावर होतो तोच, तसाच आनंद. बसलेला घसा सुद्धा मी बरोबर घेतला होता.


१८ जून, शुक्रवार
सलीमला पहाटे वज्रेश्वरीहून नेलं. बेंजोवाल्याकडून कळलं.

२१ जून, सोमवार
अन्वर सुटला. बघायला गेलो नाही. डोकं दुखतंय असं सांगितलं. सु. म्हणाली, "इतका जवळचा मित्र आणि जात नाही?" स्वतःच डबा भरून दिला, जा म्हणाली. डबा घेऊन खाडीच्या पुलापर्यंत गेलो. परत आलो. डबा ऑफिसातल्या हमालाला दिला. घरी सांगितलं, दिला.

२४ जून, गुरुवार
अन्वर स्वतःच ऑफिसात आला. डाव्या पायावर भार देत नाही. समोरच्या हॉटेलात बसलो. चहा बशीत ओतला आणि बशीत बघत बसला.
"अम्मी बात नहीं करती."
"का?"
"बोलती है, तूने फोन करके भाई का पता पूछा. तूने पकड़वाया. भाऊ, मैंने फोन किया ही नहीं! मेरे को उधर पानी के लिए पूछना पड़ता था, फोन कौन देता?"
मी काय म्हणालो? म्हणालो, "त्यांचा काहीतरी गैरसमज झाला असेल."
"मैं भी वही बोला. बोली, माँ को बेटे की आवाज पहचाननी नहीं आती क्या. मार के डर से भाई को बेचा और अब झूठ बोलता है, ऐसा बोली." बशी तशीच ठेवली. "ताट वाढते, भाऊ. सामने रख के चली जाती है."
'ताट' मराठीत म्हणाला. माझ्याशी बोलताना त्याचं असं होतं.
त्याने माझ्याकडे एकदाही संशयाने बघितलं नाही. किंवा मीच त्याच्याकडे बघत नव्हतो.

४ जुलै, रविवार
जवानांच्या मदतीसाठी कार्यक्रम, शाळेच्या पटांगणात. अन्वर आला नाही. दामूशेठ म्हणाले, "तो न्हाय तर न्हाय, तू येकटाच दोघांचा कर. लोकांना काय कलतंय?" पडद्याआड एकटा उभा राहिलो. माझ्या आवाजातली ओळ झाली. अन्वरची घ्यायला तोंड उघडलं आणि थांबलो. लोकांना वाटलं, माईक गेला. माईकवाल्याला बोलणी बसली.

६ जुलै, मंगळवार
विलासचं पत्र! सुखरूप. इतके दिवस पठाणकोटला, सामानाच्या डेपोत. वर गेलाच नाही. 'इथे उकाडा फार आहे' असं लिहिलंय. सु. हसते, रडते, पुन्हा वाचते.
पठाणकोट. मी तर रोज त्याला बर्फात उभा बघत होतो. मामांना युनिटचा नंबर माहीत होता म्हणजे हेही माहीत असणारच.

१२ जुलै, सोमवार
अन्वर घरी आला. सु. शाळेत. उंबऱ्याबाहेरच उभा.
"एक काम है भाऊ. अम्मी के सामने एक बार मेरी आवाज निकालो."
आत ये म्हटलं, आला नाही.
"सिर्फ इतना दिखाना है कि ऐसा होता है. दूसरा आदमी भी कर सकता है. मैं किसी का नाम नहीं ले रहा. अम्मी ने कभी प्रोग्राम देखा नहीं, उनको मालूम ही नहीं ऐसा कुछ होता है."
म्हटलं, बघतो, सध्या घसा ठीक नाही.
तो माझ्या गळ्याकडे बघत राहिला. चांगला वेळ. मग "ठीक होगा तब आओ" म्हणाला आणि गेला. जिन्यावर पाय ओढल्याचा आवाज.

१४ जुलै, बुधवार
मामांकडे गेलो. सलीमचं काय ते विचारायला. मग म्हणाले, दुसऱ्याच्या पासपोर्टवर आलाय. तिकडच्या मालकाने याचा ठेवून घेतला होता, पगारही दिला नाही, हा पळून आला. "असं तो म्हणतो."
"मग हेरगिरीचं?"
"तपास चालू आहे."
"साहेब, त्याच्या आईला वाटतंय धाकट्याने..."
"जोशी, तुम्ही त्या खोलीत आला नव्हतात. फोनही झाला नव्हता. मिसेस शाळेत आहेत ना? अनुदानित?"
एवढंच. आवाज चढवला नाही. ह्या माणसाचा आवाज मला काढता येत नाही. घरी येताना प्रयत्न केला. त्यात धरायला काहीच नाही.

२७ जुलै, मंगळवार
लढाई संपली. नाक्यावर फटाके. ऑफिसात पेढे. मी पेढा घेऊन कागदात गुंडाळून खिशात ठेवला, तो तिथेच चेंगरला. सु.ने शर्ट धुवायला काढताना विचारलं, "हे काय?"
सांगितलं. पेढ्याचं नाही, सगळंच. ती बादलीपाशी उभी, मी मोरीच्या कठड्यावर. मध्ये एकदाच बोलली, "डबा?" म्हटलं, दिला नाही. तेव्हा ती रडायला लागली. बाकी सगळं ऐकून रडली नव्हती.
नंतर म्हणाली, "विलाससाठी केलं म्हणू नका. त्याच्यावर नका टाकू."

३० जुलै, शुक्रवार
गेलो. अन्वर जिन्याखालीच भेटला. मागून वर आला, दारात थांबला. आत नाही आला.
अम्मी चाकावर कांड्या भरत होत्या, लूमला लागतात त्या सुताच्या. घरबसल्या करतात. मला बघून हसल्या, बस म्हणाल्या. उभाच राहिलो. वाटेत ठरवलेलं काही आठवेना. खाकरलो.
"अम्मीऽ, मैं."
चाक थांबलं. त्यांनी माझ्याकडे बघितलंच नाही. दाराकडे बघितलं, अन्वरकडे. त्याचं तोंड बंद होतं.
"फिर से बोलो."
"अम्मीऽ, मैं. भाई किधर है?"
अन्वरने एवढंच मागितलं होतं. असं होऊ शकतं, दुसरा माणूसही करू शकतो. इथे थांबता आलं असतं. बाकीचं कोणी विचारलंही नसतं कदाचित. पण त्यांनी विचारलं. अगदी हळू.
"उस दिन तू था?"
"हाँ, अम्मी."
खाली किराणावाल्याकडे कोणीतरी साबण मागत होतं, ते ऐकू आलं. अम्मी अन्वरला म्हणाल्या, "अंदर आ." तो आला. त्यांनी त्याचा हात धरला, तळहात उलटा करून बघितला, लहान पोराचा बघतात तसा, सोडला. मग माझ्याकडे वळल्या.
"तुम्हारे साले का खत आया?"
"आया. ठीक है वो."
"अच्छा हुआ."
आणि चाक पुन्हा सुरू. शिव्या द्याव्यात म्हणून मी थांबलो होतो. दिल्या नाहीत. निघालो.
अन्वर खालपर्यंत आला. म्हणाला, "मालूम था मेरे को. उधर एक ने हँसते-हँसते बोला था, तू चुप बैठ, तेरी आवाज बाहर काम कर रही है."
"मग इतके दिवस बोलला का नाहीस?"
"बोल के क्या? मेरे बोलने का तो भरोसा ही नहीं रहा था घर में." थोडं थांबून, "और लगा, तुम आओगे."
हात पुढे केला नाही. मीही नाही.

५ ऑगस्ट, गुरुवार
दामूशेठना सांगितलं, ऑर्केस्ट्रा सोडतो. गणपतीच्या सुपाऱ्या घेऊन बसलेत, भडकले. "मंग अन्वर पन न्हाय, तू पन न्हाय, मी येकटा नाचू काय स्टेजवर?" कारण विचारलं. सांगू शकलो नाही. दोन माणसांना सांगून झालंय, तिसऱ्याला सांगायचं तर पुन्हा पहिल्यापासून.

८ ऑगस्ट, रविवार
अम्मींनी निरोप पाठवला. बेंजोवाल्याबरोबर, म्हणजे आता त्यालाही माहीत. सलीमसाठी वकील केलाय, त्यांना भेटून ये.
वकील तरुण, कल्याण रोडला ऑफिस. म्हणाले, पासपोर्टचा गुन्हा आहे तो आहे, तो भोगेल. पण वर जे दुसरं लावू बघताहेत, त्यात 'आरोपी गुप्त ठिकाणाहून कट करत होता, खबऱ्यामार्फत पत्ता लागला' असं लिहिलंय. पत्ता आईनेच दिला, धाकट्या मुलाला दिला असं समजून दिला, हे कोणीतरी शपथेवर लिहून दिलं तर फरक पडेल.
"किती फरक?"
"ते मी सांगू शकत नाही. तुमचं मात्र नुकसान नक्की होईल. मी तुम्हाला ओढणार नाही, जोशी. उद्या अकराला कोर्टाच्या आवारात असेन. आलात तर आलात."
विचारलं, आवाज काढून दाखवावा लागेल का. म्हणाले, लागू शकेल.
घरी येतो तो मामांचा फोन येऊन गेलेला, शेजारच्यांकडे. निरोप काही नाही. फक्त "येऊन गेला म्हणून सांगा".
सु.ला सगळं सांगितलं. बराच वेळ तांदूळ निवडत बसली. मग म्हणाली, "जाऊ नका. माझी नोकरी गेली तर दोघं खाणार काय? त्या सलीमने दुसऱ्याचा पासपोर्ट वापरलाच होता ना?" म्हटलं, हो. "मग?" तिने पुढे ताणलं नाही.
मघाशी पाणी प्यायला उठलो. माझा पांढरा शर्ट उद्यासाठी इस्त्री करून खुर्चीच्या पाठीवर टाकलाय. कॉलरची उसवलेली शिवण सुद्धा घातलीय. सु. भिंतीकडे तोंड करून झोपलीय, किंवा झोपली नसेल.
हाक मारावी का, कळत नाही.